कोंडखोऱ्याची माणसं

मागच्या रांगांमधली माणसं कुजबुजत होती, पण आवाज येत नव्हता.

हे माझ्या लक्षात यायला थोडा वेळ लागला. मी मंचाच्या कडेला अहवालाचा गठ्ठा आणि माईक पुढ्यात घेऊन बसले होते. समोर तालुक्याच्या गावातलं सर्वांत मोठं मंगल कार्यालय गच्च भरलं होतं. जिल्ह्याच्या ठिकाणाहून आलेले साहेब अध्यक्षांच्या खुर्चीत बसून जनसुनावणीचे नियम वाचून दाखवत होते आणि व्हिडिओवाला कॅमेरा खांद्यावर घेऊन खुर्च्यांमधून फिरत होता. शेवटच्या रांगेतल्या दोन बायका एकमेकींकडे झुकून बोलत होत्या. एकीनं हात नाचवला, दुसरी तोंडाला पदर लावून हसली. त्यांच्या पलीकडे एक फेटेवाला शेजाऱ्याला काहीतरी पटवून देत होता. कुठल्याही गावच्या सभेत असतं तसंच सगळं. फक्त छताच्या पंख्यांची घरघर स्वच्छ ऐकू येत होती, आणि एवढी माणसं बोलत असताना पंखे ऐकू येत नाहीत.

कॅमेरा पुढं सरकला तशा त्या दोघी थांबल्या. वाक्य अर्धं टाकून दोघींनी समोर पाहिलं, चेहरे कोरे झाले. कॅमेरा परत वळला आणि फेटेवाल्याचा हात पुन्हा वर आला.

ही विद्या मला येत होती.

मी लहानपणी नटी होते. 'सात मावश्यांची पमी' नावाची मालिका एके काळी घरोघरी बघत, त्यातली ती दोन शेंड्यांची पमी म्हणजे मी. मला शाल्मली कुवळेकर हे नाव आहे, हे माझ्या शाळेतल्या बाईसुद्धा विसरल्या होत्या. तर शूटिंगमध्ये मुख्य नटांचे संवाद चालू असताना मागच्या गर्दीचा आवाज चालत नाही, पण गर्दी मुकी दिसूनही चालत नाही. म्हणून गर्दीतली माणसं ओठ हलवतात, हातवारे करतात, हसतात, आणि घशातून काही बाहेर येऊ देत नाहीत. मला ते शकुमावशीनं शिकवलं. ती मालिकेतली मावशी नव्हे, ती गर्दीतली. बाजार असो, लग्न असो, मयत असो, शकुमावशी गर्दीत असायचीच. मला कंटाळा आला की मांडीवर घ्यायची आणि म्हणायची, "ओठ हलव पमे, आवाज गिळ."

पुढं माझी उंची वाढली आणि पमी संपली. रडायला सांगितल्यावर रडणारी मुलगी मोठेपणी कुणाला नको असते. मी नगररचना शिकले. पमीच्या घराला मागची भिंत नव्हती, तिच्या गल्लीला गटार नव्हतं आणि विहिरीला पाणी नव्हतं, तेव्हा खऱ्या गावांना हे सगळं कसं मिळतं ते तरी बघू, असं मी मुलाखतींतून गमतीनं सांगायची. ते अगदीच खोटं नव्हतं. शहरांचं पाणी आणि शहरांचा कचरा, हा माझा विषय झाला.

त्या दिवशीची सुनावणी कचऱ्याचीच होती. कोंडखोऱ्याच्या वरच्या अंगाला एक जुनी दगडाची खाण होती. तिच्यात शहराचा कचरा भरायचा ठेका एका कंपनीला मिळणार होता आणि त्या जागेची पाहणी आमच्या संस्थेकडं आली होती. खाणीत पावसाचं पाणी साचून तळं झालेलं होतं. ते पाणी कुठं जातं हे बघायला मी त्यात निरुपद्रवी हिरवा रंग सोडला, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी खाली वाडीतल्या झऱ्यावर द्वारकाबाई भगत हंडा घेऊन माझी वाट बघत उभ्या होत्या. हंड्यातलं पाणी पोपटी झालं होतं. अख्ख्या कोंडखोऱ्याला पिण्याचं पाणी तेवढंच.

"ताई, आज रंग आला," द्वारकाबाई म्हणाल्या. "उद्या वर कचरा टाकतील, तवा या हंड्यात काय येईल?"

मी ते अहवालात लिहिलं. छापून आला तेव्हा ती गोष्ट मागच्या परिशिष्टात, बारीक अक्षरांत गेली होती. साहेबलोक परिशिष्टं वाचत नाहीत. पण सुनावणीत गावातल्या एका माणसानं उभं राहून हरकत घेतली, की ती नोंदवावीच लागते आणि कंपनीला तिचं उत्तर द्यावं लागतं. मग परिशिष्ट उघडल्यावाचून सुटका नसते. तेव्हा सगळी मदार होती ती द्वारकाबाईंवर.

"सुनावणीत हे बोलाल?" मी विचारलं होतं.

"बोलनार. कोन अडवतंय मला? हंडापन घेऊन येते."

त्या दिवशी सकाळी त्यांना जीपमधून न्यावं म्हणून मी कोंडखोऱ्यात गेले, तर वाडीत कुणी नव्हतं. दाराला कुलपं. दोरीवर लुगडी वाळत होती, एक गाय दाव्याला हिसडे देत हंबरत होती. पारावर हमखास बसणारे म्हातारेसुद्धा दिसेनात. मी द्वारकाबाईंच्या नावानं हाका मारल्या आणि माझाच आवाज मला नकोसा झाला. सगळे आधीच सुनावणीला निघाले असतील, अशी मी मनाची समजूत घातली. मंगल कार्यालयात आल्यापासून मी ओळखीचे चेहरे शोधत होते. माणसं खचाखच होती, पण त्यांतला एकही चेहरा कोंडखोऱ्यातला नव्हता.

साहेबांचे नियम वाचून झाले. मी अहवालाचा सारांश वाचला, परिशिष्टातली हिरव्या रंगाची गोष्टही मुद्दाम सावकाश सांगितली. एकाही डोळ्याची पापणी हलली नाही. गावकऱ्यांचे जबाब चहानंतर होतील, असं साहेबांनी जाहीर केलं.

चहा मागं, आचाऱ्यांच्या पडवीत होता. मी तिकडं गेले ते मोकळी हवा घ्यायला. तेवढ्यात मागून दबक्या आवाजात कुणीतरी म्हणालं, "पमे."

मी वळले. नऊवारी, कपाळाला मोठं कुंकू, केस पांढरे. पण हनुवटीवरचा तो तीळ मी कुठंही ओळखला असता.

"शकुमावशी? तू इथं?"

"हळू बोल. मघाशी मंचावर बघितलं तुला. म्हटलं, पमी पुन्हा कामाला लागली तर. बरं वाटलं गं." तिनं माझ्या गालावरून हात फिरवला. "अगदी बाई ऑफिसर दिसतेस. आणि वाचलंस पण छान. फक्त जरा भरभर वाच, माणसं पेंगतात."

"मावशी, कसलं शूटिंग आहे हे?"

"सरकारी माहितीपट. तुला सांगितलं नाही? हल्ली कुणाला धड काही सांगतच नाहीत. आमची सगळी गँग आलीय. पहाटे बसनं आणलं. लुगडी बघ, कोरी करकरीत. मी त्या राऊतसाहेबांना म्हटलं, गावातली माणसं अशी घडीची लुगडी नेसून बसतात होय? मग सगळ्यांनी मिळून माती फासली."

राऊत म्हणजे कंपनीचा माणूस. घनश्याम राऊत. कुठंही गेलं की कोल्ड्रिंकची बाटली पुढं करणारा.

"डायरेक्टर राऊत आहे?"

"तेच. म्हणाले, सगळं एका दमात घ्यायचं, मधे कट नाही. कॅमेरा कधी कुणावर येईल सांगता येत नाही, म्हणून सतत भूमिकेत राहायचं. असं पहिल्यांदाच बघतेय बाई. आणि तो मधला साहेब कोण गं? नाटकातला असणार. पाठांतर चोख आहे, पण चेहरा हलत नाही."

एरवी मी हसून हसून खाली बसले असते. तेव्हा मात्र मी घाईनं पुढचं विचारलं.

"तुला संवाद आहे?"

"आहे की." शकुमावशी खुलली. आयुष्यभर गर्दीत उभी राहिलेली बाई ती. तिला संवाद म्हणजे सणच. "चहानंतर पहिली मीच. भारी पात्र आहे. आधी कचऱ्याला विरोध करणारी, मग तिला सगळं पटतं. द्वारकाबाई भगत."

"मावशी," मी तिचा दंड धरला, "द्वारकाबाई हे पात्र नाहीये."

"म्हणजे?"

"ओळख आहे वाटतं तुमची?" राऊत आमच्या शेजारी उभा होता. कधी आला कळलं नाही. शकुमावशीला तो अदबीनं म्हणाला, "मावशी, आत चला. तुमचंच नाव पुकारतील आता."

ती लगबगीनं गेली. जाताना मला डोळ्यांनी, नंतर बोलू, असं सांगून गेली.

राऊतनं माझ्या हातात चहाचा कप दिला. "ताई, अहवाल उत्तम झालाय. तुमचं काम संपलं. आता नुसतं बसायचं."

"कोंडखोऱ्यातली माणसं कुठं आहेत?"

"देवाला गेलीत. कंपनीनं गाड्या करून दिल्या. किती वर्षांची इच्छा होती बिचाऱ्यांची. संध्याकाळपर्यंत येतील परत." त्यानं स्वतःच्या चहावर फुंकर घातली. "घाटाचा रस्ता आहे. ड्रायव्हरला म्हटलं, सांभाळून रे बाबा. फोन करून विचारतो मी अधूनमधून."

मी घड्याळाकडं पाहिलं.

"तुमची मालिका आमच्याकडं सगळे बघायचे," तो म्हणाला. "पमीला कोण ओळखत नाही? आईपण शूटिंगला यायच्या ना तुमच्यासोबत? आता बदलापूरला एकट्याच असतात म्हणे. वरचा मजला, लिफ्ट नाही. या वयात जिना म्हणजे काळजीच. चहा घ्या, निवतोय."

आवाजात एवढीशीही धार नव्हती. शेजारच्या एखाद्या भल्या माणसानं चौकशी करावी तसं तो बोलला. मी कप तसाच खाली ठेवला. आईला फोन लावला, तिनं उचलला नाही. दुपारी ती झोपते हे मला माहीत होतं. तरी पुन्हा लावला.

आत घंटी वाजली.

मी जागेवर जाऊन बसले. साहेबांच्या कानाला लागून सगळं सांगावं, हा पहिला विचार. पण सांगून काय होणार? मी म्हणणार, ही माणसं खोटी आहेत. साहेब विचारणार, काय हो, तुम्ही कोंडखोऱ्याचे ना? आणि भूमिकेत राहायची शिकवण मिळालेली ती सगळी डोकी एका वेळी हो म्हणून हलणार. वर जबाब झाल्यावर शकुमावशीचा अंगठा द्वारकाबाईंच्या नावाखाली उमटला, की गुन्हा तिच्यावर. फसवणाऱ्याचं नाव कुठंच नाही. राऊत दाराशी भिंतीला टेकून उभा होता आणि त्याच्या हातात फोन होता. मला सारखा तो घाट दिसत होता.

"द्वारका लहू भगत, राहणार कोंडखोरे," साहेबांच्या कारकुनानं पुकारलं.

शकुमावशी उठली. माईकपर्यंत येताना ती गुडघ्यातून किंचित लंगडली. ते तिचं स्वतःचं होतं, कुणी सांगितलेलं नव्हतं. कॅमेरा तिच्यावर आला.

"नमस्कार साहेब," ती म्हणाली. "मी अडाणी बाई. पहिल्यांदा मला वाटलं, कचरा आला की आमचं पाणी नासंल. लई भांडले मी. मग कंपनीच्या लोकांनी समजावून सांगितलं. आमच्या पोरांना कामं मिळतील, रस्ता होईल." तिचा गळा भरून आला. तिनं पदरानं डोळे टिपले, आणि डोळ्यांत खरंच पाणी होतं. "माझी काही हरकत नाही, साहेब. वाडीची पण नाही."

पहिल्या रांगेत कुणीतरी हुंदका दिला. मागचे ओठ हलले, माना डोलल्या. फार सुंदर काम झालं. मी एवढ्या कौतुकानं आणि एवढ्या भीतीनं कधी कुणाचं काम पाहिलेलं नाही.

"जबाबावर अंगठा घ्या," साहेब कारकुनाला म्हणाले. कारकून शाईचा पॅड उघडून तिच्याकडं निघाला.

मी माईकचं बटण दाबलं. तो शब्द ओरडून म्हणायचा नसतो. दिवसभर तोच म्हणून कंटाळलेल्या माणसासारखा म्हणायचा असतो.

"कट," मी म्हणाले. "छान झाला शॉट. जेवणाची सुट्टी."

सभागृहानं एकदम श्वास सोडला.

फेटेवाल्यानं फेटा काढून मांडीवर ठेवला आणि टक्कल खाजवलं. दोन बायकांनी नथी काढून पाकिटात टाकल्या. कुणी मोबाइल काढला, कुणी खुर्चीवर पाय घेऊन बसलं, कुणी पंखा वाढवा म्हणालं. मघापासून गिळलेले सगळे आवाज एकदम बाहेर आले आणि पंखे ऐकू येईनासे झाले. दोन दांडगे शेतकरी बाह्या सावरत मंचाजवळ आले. एकानं मला विचारलं, "मॅडम, जेवण याच कपड्यांत करायचं की बदलून?"

"हे काय चाललंय?" साहेब उभे राहिले. "बसा. सगळे बसा आधी."

"ओ साहेब, कट झालाय," फेटेवाला हसत म्हणाला. "तुम्ही पण बसा निवांत. काम मस्त करता तुम्ही. कुठल्या ग्रुपचे?"

व्हिडिओवाला गावातलाच, लग्नांची शूटिंगं करणारा. थांब असं त्याला कुणी सांगितलं नव्हतं, म्हणून तो टिपत राहिला. कॅमेरा साहेबांवरून फेटेवाल्यावर, फेटेवाल्यावरून नथी काढणाऱ्या बायकांवर गेला.

साहेबांना कळायला वेळ लागला नाही. ते संतापले नाहीत, हे मला आजही आठवतं. त्यांनी कारकुनाच्या हातातला, अंगठा न उमटलेला जबाब घेतला, दुमडून खिशात ठेवला आणि दाराशी उभ्या असलेल्या राऊतकडं बराच वेळ पाहिलं. राऊत मंचापाशी आला. साहेब अगदी हळू बोलले, पण माझा माईक चालू होता आणि ते सगळ्यांनी ऐकलं.

"हे असं करतात का, राऊत?"

मग त्यांनी सुनावणी तहकूब झाल्याचं जाहीर केलं.

मी शकुमावशीचा हात धरून तिला मागच्या दारानं जीपमध्ये बसवलं. बाकीच्यांना त्यांच्या बसकडं पळा म्हणून सांगितलं. जीप सुटल्यावर ती बराच वेळ पदराचा काठ बोटाला गुंडाळत बसली होती.

"पमे, माझं काही चुकलं का? तू मधेच तोडलंस."

"नाही गं. फार छान केलंस."

"मग? पाणी आणलं होतं मी डोळ्यांत. ग्लिसरीन न घेता."

मी तिला सगळं सांगितलं. ती ऐकत होती आणि हातातल्या काचेच्या बांगड्या एकेक करून काढत होती.

"म्हणजे तो साहेब खरा होता?"

"खरा."

"आणि ती बाई?"

"तीही खरी आहे, मावशी."

"आई गं," ती म्हणाली. "मी जिवंत बाईच्या तोंडून बोलले." स्टेशनवर उतरताना तिनं माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि म्हणाली, "तू इथं राहू नको आता. ती माणसं चांगली नाहीत. मला गर्दी कळते, आणि गर्दी जमवणारा पण कळतो."

मी ऐकलं नाही. कोंडखोऱ्याच्या फाट्यावर जाऊन थांबले. मधे आईचा फोन लागला, ती झोपेतून उठून चिडली होती, आणि मला रडू आलं. दिवस मावळायच्या बेतात गाड्या आल्या. एकेक माणूस उतरताना मी पाहत होते. द्वारकाबाई कपाळभर भंडारा आणि हातात प्रसादाची पुडी घेऊन उतरल्या. मला बघून त्या चपापल्या.

"ताई, सुनावनी उद्या ना? आमाला उद्या सांगितली."

मी झालेलं सांगितलं. वाडी भोवती जमली. आधी कुणाला खरंच वाटेना. मग शकुमावशीनं काय आणि कसं केलं ते सांगितलं, तशा द्वारकाबाई कमरेवर हात ठेवून हसायला लागल्या.

"माझ्या नावानं रडली पन? अगो बाई. मी नवरा मेला तवा पन चार मानसांत रडले नाय." मग त्यांनी मला जवळ ओढलं आणि माझ्याही कपाळाला भंडारा फासला. "बेस केलंस, बाय माझे. आता होऊ दे परत सुनावनी. बघते मी."

सगळे हसत होते. गाडीचा ड्रायव्हर तेवढा हसला नाही. तो बाजूला उभा राहून फोनवर बोलत होता, आणि बोलताना द्वारकाबाईंकडं बघत होता.

त्या आठवड्यात आमच्या संस्थेचं काम गेलं आणि संस्थेतलं माझं. त्याचं मला फारसं वाटलं नाही. त्या चित्रणातला तुकडा कुठून कुठं पोचला, दोन दिवस लोक हसले, पमी पुन्हा एकदा वर्तमानपत्रात आली. आईला मी माझ्याजवळ आणलं. सुनावणी रीतसर पुन्हा होणार, असं जाहीर झालं, आणि मला आपण जिंकलो असं वाटलं. मध्यंतरी मी दोनदा वाडीत गेले. पहिल्या खेपेला चहा मिळाला. दुसऱ्या खेपेला दारं लोटलेली होती. आत माणसं होती, पण कुणी बाहेर आलं नाही.

दुसरी सुनावणी दिवाळीनंतर झाली. तेच मंगल कार्यालय, तेच साहेब. मी या वेळी खाली, खुर्च्यांमध्ये बसले होते. भोवती सगळे ओळखीचे चेहरे. पारावरचे म्हातारे, झऱ्यावरच्या बायका, धुऊन धुऊन विटलेले कपडे. एकही माणूस बाहेरचा नव्हता. साहेबांनी प्रत्येकाचं ओळखपत्र बघायला लावलं. त्यात त्यांनी कसलीही कसर ठेवली नाही. राऊत दाराशी होता. त्याच्याजवळ आज फोनसुद्धा नव्हता.

जबाब सुरू झाले. पारावरचे म्हातारे उठले, हरकत नाही म्हणाले, अंगठा देऊन बसले. त्यांच्यामागून दुसरे उठले. मी आधी गोंधळले. मग नुसती ऐकत राहिले. माझ्याकडं कुणी बघत नव्हतं.

"द्वारका लहू भगत."

त्या हंडा घेऊन आल्या नव्हत्या. माईकपाशी जाऊन खाली मान घालून उभ्या राहिल्या.

"मोठ्यानं बोला," साहेब म्हणाले.

"हरकत नाय."

"हे तुम्ही स्वतःच्या मर्जीनं सांगताय? कुणाचा दबाव?"

द्वारकाबाईंनी दाराकडं पाहिलं नाही, माझ्याकडं पाहिलं नाही. "नाय," त्या म्हणाल्या. व्हिडिओवाल्यानं ते नीट टिपलं. कारकुनानं शाईचा पॅड पुढं केला.

मला उठून ओरडावंसं वाटत होतं. पण ओरडून म्हणणार काय? ती माणसं खरी होती, नावं खरी होती, अंगठे त्यांचेच होते.

सुनावणी संपल्यावर द्वारकाबाई मागच्या पडवीतल्या नळावर अंगठा धूत होत्या. मी शेजारी जाऊन उभी राहिले. शाई निघत नव्हती. त्या दगडावर अंगठा घासत होत्या.

"कोण आलं होतं तुमच्याकडं?" मी विचारलं.

"कोन येनार? कोनी नाय आलं." मग अंगठा पुन्हा पाण्याखाली धरून म्हणाल्या, "किसनला पोलिसांनी नेलाय. माझ्या पोराला. खानीवरनं तारा चोरल्या बोलतात. दसऱ्याच्या आदल्या दिवशी नेला, तो आतच हाय. आज संध्याकाळी सोडतो बोललेत."

"मला का नाही सांगितलंत? मी वकील दिला असता, मी..."

"त्याला मारला, ताई. डावा कान गेला त्याचा." त्यांनी नळ बंद केला. "तू वकील देनार, मग ते दुसऱ्या कोनाचा तरी पोरगा नेनार. वाडीत पोरं काय थोडी हायत?"

मी म्हणाले, मला माफ करा.

"माफी कशाला? तू चांगलंच करायला गेलीस." त्या पदराला हात पुसत होत्या आणि पहिल्यांदाच त्यांनी माझ्याकडं सरळ बघितलं. "पन त्या दिशी ती तुजी बाई बोलली ना, ते तसंच राहू द्यायला पायजे होतं. ते खोटं तिचं होतं. पुढं कदी पानी नासलं असतं, तर छातीला हात लावून सांगता आलं असतं, मी कदीच हो बोलले नाय. आता माझ्या सुनेनं विचारलं, तर तिला मी काय सांगू?"

बाहेर वाडीच्या गाड्या लागल्या होत्या. किसनला न्यायला उशीर होईल म्हणून त्या घाईघाईनं निघून गेल्या.